कलकत्त्याची मागणी

भादुरीबाबूंसाठी शेजारच्या पौनीकरांकडून खुर्ची आणवली होती, पण ते तिच्यावर बसले नाहीत. मागाच्या खड्ड्याच्या काठावर चटई अंथरलेली होती, तिथंच मांडी घालून त्यांनी धोतर सावरलं आणि ताण्यावरच्या अर्धवट लुगड्याची किनार बोटानं चाचपून पाहिली. त्यामुळे दादाजींची पंचाईत झाली. खुर्चीवर बसलेल्या माणसाशी काय आणि कसं बोलायचं, हे त्यांनी सकाळपासून मनाशी ठरवून ठेवलं होतं.

नागपूरच्या तांडापेठेत कामाच्या दिवशी एखाद्या कोष्ट्याच्या घरातले माग बंद असले तर लोक दोनच गोष्टी समजत. घरात मयत झाली, नाहीतर सोयरीक जुळते आहे. चैत्रातल्या त्या सकाळी दादाजी हेडाऊंच्या घरातून धोट्याचा आवाज येईना, तेव्हा पौनीकर खुर्चीच्या निमित्तानं दोनदा येऊन गेले.

"सोयरीकच समजा," भैयाजीनं त्यांना सांगितलं. "आपल्या मार्तंडले कलकत्त्याहून मागणी आली आहे."

आपल्या. दादाजींनी मुलाचा हा शब्द ऐकला आणि सुपारी कातरत राहिले. मार्तंड त्यांच्या धाकट्या भावाचा, जागेश्वरचा मुलगा. जागेश्वर माग सोडून रेल्वेच्या लोको शेडमध्ये फिटर झाला, तिथल्याच एका इंजिन ड्रायव्हरची मुलगी आयरीन कीलर हिच्याशी त्यानं लग्न केलं, आणि जातीच्या पंचांनी विचारलं तेव्हा दादाजींनी घर वाचवलं व भाऊ सोडला. बारा वर्षांपूर्वी जागेश्वर विषमज्वरानं गेला. दादाजींनी रेल्वे लाइनीतल्या क्वार्टरातून त्याचं प्रेत आणलं आणि घाटावर रीतीप्रमाणे जाळलं. सात वर्षांच्या मार्तंडनं अग्नी दिला. तेरावं झाल्यावर पोराला टांग्यात बसवून परत त्याच्या आईकडे पोचवलं, आणि त्यानंतर या घरात त्याचं नाव निघालं ते थेट दोन आठवड्यांपूर्वी.

कस्तुरचंद पार्कवर गोऱ्यांच्या अकरा जणांविरुद्ध हिंदी, म्हणजे देशी लोकांच्या अकरा जणांचा फुटबॉलचा सामना झाला. रेल्वेच्या संघात मार्टिन हेडो म्हणून ओळखला जाणारा, फुटबॉलच्याच जोरावर माल ऑफिसात कारकून झालेला हा एकोणीस वर्षांचा मार्तंड गोऱ्यांकडून खेळणार हे सगळ्यांनी धरलं होतं. तो खेळला हिंदी संघाकडून. दोन गोल त्यानं स्वतः केले. भैयाजी त्या दिवशी घसा बसेपर्यंत ओरडला, आणि दुसऱ्या दिवशी चुलतभावाला हाताला धरून घरी घेऊन आला. सामना पाहायला आलेले भादुरीबाबू, कलकत्त्याच्या एका मोठ्या हिंदी क्लबचे माणूस, तेव्हापासून नागपुरात मुक्काम ठोकून होते. क्लब खेळाडूला खेळण्याचा पगार उघड देत नसे. एका चहाच्या वखारीत नोकरी देत असे. वखारीत जावं लागत नसे.

"पोट्टा कुठं गेला?" दादाजींनी विचारलं.

"येऊन राहिला," भैयाजी म्हणाला. "आईले आणाले गेला."

दादाजींचा अडकित्ता थांबला. "कोणाच्या आईले?"

---

आयरीनला तांडापेठेतली ही गल्ली तोंडपाठ होती, जरी ती तिथं कधी आली नव्हती. विहीर कुठं, कुणाच्या दारात बैल बांधलेला असतो, कुठल्या घराचं छप्पर खाली वाकलेलं आहे, हे सगळं जागेश्वरनं तिला अनेकदा सांगितलं होतं. छप्पर आता नीट केलेलं दिसलं. तिनं राखी रंगाचा फ्रॉक घातला होता. बायका दारात येऊन पाहत होत्या. रेल्वे लाइनीतल्या बायकांनी सामन्यानंतर तिच्याशी बोलणं सोडलं होतं, तेव्हा न बोलणाऱ्या बायकांच्या मधून चालण्याची तिला आता सवय झाली होती.

तिचं म्हणणं साधं होतं. मार्तंडनं नोकरी सोडली की क्वार्टर सोडावं लागणार. त्यानं रेल्वेत राहावं, चार वर्षांत गार्ड व्हावं, असं तिच्या मनात होतं. चेंडूच्या मागे किती दिवस धावणार? पण रात्री जेवताना तो कलकत्त्याच्या मैदानांबद्दल बोलायला लागला की त्याचं अन्न ताटात निवायचं, आणि तिला जागेश्वर आठवायचा. इंजिनाबद्दल बोलताना तोही जेवण विसरायचा.

उंबऱ्याशी ती थांबली. मार्तंड आत गेला होता, तो वळून पाहत राहिला.

"दादाजी," ती म्हणाली, "आत येऊ, का इथूनच बोलू? मले काही फरक नाही पडत बापा. तुमाले पडत असन तर सांगा."

स्वयंपाकघरात दादाजींची बायको जनाबाई भाकरी थापत होती. तिचा हात थबकला. ती या घरात सून म्हणून आली तेव्हा जागेश्वर लहान होता. त्याला तिनं न्हाऊ-माखू घातलं होतं. 'बापा' म्हणताना तो शेवटचा आकार असाच जरा लांबवायचा, आणि म्हणणं चढ्या आवाजात सुरू करून खाली आणून सोडायचा. गोऱ्या बाईच्या तोंडून तिला मोडकं हिंदी ऐकू येईल असं वाटलं होतं. ती दाराच्या आडून नीट ऐकू लागली.

"या," दादाजी म्हणाले. "त्या खुर्चीवर बसा."

खुर्ची अशा रीतीनं कामाला आली.

---

भैयाजीला ही बाई आत्ता इथं नको होती. त्यानं भादुरीबाबूंशी सगळं आधीच बोलून ठेवलं होतं, आणि फक्त वडिलांनी मान हलवायची राहिली होती. तो खादी वापरत होता, दोनदा तुरुंगात जाऊन आला होता, आणि आपल्या घरातला मुलगा गोऱ्यांच्या पलटणींना कलकत्त्याच्या मैदानावर हरवणार या विचारानं त्याला झोप लागत नव्हती. त्यात खोटं काही नव्हतं. त्याचं मार्तंडवर खरोखर मन जडलं होतं.

भादुरीबाबूंनी हिंदीत बोलायला सुरुवात केली. ते हळू आणि सभ्यपणे बोलत होते. मुलगा चांगला आहे, म्हणाले. डाव्या बगलेनं असा धावणारा मी दहा वर्षांत पाहिला नाही. पण आमच्या मैदानावर लोक नुसता खेळ पाहायला येत नाहीत. आपल्या माणसांनी साहेबांना हरवलेलं पाहायला येतात. त्यांना हा मुलगा पूर्णपणे आपला वाटला पाहिजे.

"आपलाच आहे," भैयाजी म्हणाला.

"जी. तो बस इतना ही," भादुरीबाबू दादाजींकडे वळले. "कोई अखबारवाला पूछे, कोई चिठ्ठी भेजे, तो आप कहेंगे की लडका आपके घर में पला है. बुनकर का बेटा है, हिंदू है. माँ का जिक्र कोई न करे. और माँजी कलकत्ता न आएँ."

हे शेवटचं वाक्य त्यांनी खुर्चीकडे न पाहता उच्चारलं. त्यांना त्याचं वाईट वाटत होतं, हे दिसत होतं. तरी त्यांनी ते पूर्ण केलं.

मार्तंड खांबाला टेकून उभा होता. ही अट तो पहिल्यांदाच ऐकत होता. त्यानं भैयाजीकडे पाहिलं.

"नुसतं बोलण्यापुरतं आहे गा," भैयाजी घाईनं म्हणाला. "काकूची सोय मी पाहिली. जबलपूरले तिची बहीण आहे. क्वार्टर सुटलं का तिकडं जाईन ते."

"कोणाशी बोलला तू जबलपूरचं?" आयरीननं विचारलं.

"बाबूंशी बोललो."

"माझ्याशी नाही बोलला." ती रागावली नव्हती. "माझ्या बहिणीच्या नवऱ्यानं जागेश्वरले घराच्या पायरीवर उभं नव्हतं राहू दिलं. त्याच्या दारी मी जाणार नाही बापा. तू दुसरं काही पाह्य."

भादुरीबाबूंना बोलणं कळलं नाही, पण ते थांबले. भैयाजी वडिलांजवळ सरकला.

"बाबा, तुमी फक्त हो म्हणा. तो इथंच वाढला, एवढंच म्हणाचं आहे. पोट्ट्याचं भलं होते."

दादाजींनी अडकित्ता खाली ठेवला. त्यांना फुटबॉलमधलं काही कळत नव्हतं आणि कलकत्त्याला ते कधी गेले नव्हते. भादुरीबाबू मागत होते ते फारसं अवघड नव्हतं, हेही त्यांच्या ध्यानात आलं. आयुष्यभर ते पंचांसमोर, शेठसमोर, घरपट्टीच्या माणसासमोर मान हलवत आले होते.

"तो इथं नाही वाढला," ते म्हणाले.

"बाबा..."

"मी त्याले उंबऱ्याच्या आत घेतलं नाही. बापाच्या तेराव्याले तो त्या बाजूच्या टिनाच्या छपराखाली बसून जेवला, अन् मी इथून पाहून राहिलो होतो. ह्या बाईनं त्याले मोठं केलं. आता तो गोल मारते म्हणून माह्या घरात वाढला म्हणू? ते मी नाही म्हणणार. तुले म्हणाचं असन तर तू म्हण."

त्यांच्या आवाजात पश्चात्ताप नव्हता. लुगड्यात किती सूत गेलं हे सांगावं तसं त्यांनी ते सांगितलं. भैयाजीनं ते हिंदीत करून सांगण्याचं टाळलं, पण भादुरीबाबूंना नकार समजला होता.

---

तेव्हा जनाबाई बाहेर आली. हाताला पीठ तसंच होतं. ती नवऱ्याकडे किंवा पाहुण्याकडे न पाहता सरळ मुलाला म्हणाली, "क्वार्टर सुटल्यावर हिचं सामान कुठं ठेवाचं, ते पहिले ठरवा. मंग कलकत्ता."

"आई, तू यात नोको पडू."

"पौनीकराची मागची खोली रिकामी आहे. तिचं दार आपल्याच आंगणात उघडते."

भैयाजीचा चेहरा पडला. वैशाखात त्याचं लग्न ठरलं होतं. उमरेडची मुलगी होती, चांगलं घर होतं. "उमरेडचे लोक काय म्हणतीन? ते सोयरीक मोडतीन ना."

"सामन्याच्या दिवशी त्याले खांद्यावर घेऊन नाचला, तवा उमरेडच्या लोकाइले विचारलं होतं काय?"

"ते वेगळं होतं."

"काहून वेगळं?"

उत्तर भैयाजीला ठाऊक होतं आणि ते त्याला आवडलं नाही. तो उठून दाराशी जाऊन उभा राहिला. आयरीन म्हणाली, "भांडू नका माझ्यावरून. मिशनच्या दवाखान्यात मले काम भेटून राहिलं. डोक्यावर छप्पर पाहिजे, ते कोणाचंही चालन."

मार्तंडला भैयाजी देशभक्त समजत होता आणि लाइनीतले लोक त्याला दगलबाज समजत होते. खरी गोष्ट त्यानं कुणाला सांगितली नव्हती. गोऱ्यांच्या संघानं त्याला बचावात, लेफ्ट बॅक म्हणून घेतलं होतं. हिंदी संघ त्याला त्याच्या जागेवर, लेफ्ट आउट खेळू देत होता. म्हणून तो तिकडून खेळला. चेंडू पायात घेऊन रेषेच्या कडेनं धावताना त्याला कुणाचाच मुलगा असल्याची आठवण राहत नसे, आणि ते त्याला फार आवडे. आता मात्र या खोलीतली सगळी माणसं त्याचं वाटप करत होती. ज्यांनी त्याच्यावर कधी हक्क सांगितला नाही त्या मोठ्या बाबांनी, दादाजींनीच आजही तो सांगितला नव्हता. मार्तंडला त्यांचा राग यायला हवा होता. तो आला नाही.

"बाबू," तो हिंदीत म्हणाला, "आपके यहाँ बूट पहनके खेलनेवाला लेफ्ट आउट कौन है?"

भादुरीबाबूंनी नकारार्थी मान हलवली. त्यांचे सगळे खेळाडू अनवाणी खेळत. बूट घातला की त्यांना पाय लाकडाचा झाल्यासारखा वाटे.

"और बारिश में?"

"फिसलते हैं," ते म्हणाले. पावसाळ्यात त्यांचा क्लब दरवर्षी बूटवाल्या पलटणींकडून हरत असे. बूट घालून खेळणारा असा मुलगा शोधायलाच तर ते नागपूरला आले होते.

"मग मले घेऊन चला," मार्तंड म्हणाला, आणि पुन्हा हिंदीवर आला. कुणी विचारलं तर मी आईचं नाव सांगणार. कुणी नाही विचारलं तर आपण होऊन सांगत फिरणार नाही. तिला यायचं असेल तेव्हा ती येईल. हे चालत असेल तर उद्याच्या मेलनं निघू. नाहीतर परवा मी माल ऑफिसात कामावर जातो.

भादुरीबाबू बराच वेळ त्याच्या पायांकडे पाहत होते. ते व्यवहारी माणूस होते. "एक मौसम," शेवटी ते म्हणाले. "उसके बाद मैदान तय करेगा." मग त्यांनी दादाजींना हात जोडले. घरच्या वडीलधाऱ्या माणसाची परवानगी त्यांना हवी होती.

"मले नोका विचारू," दादाजी म्हणाले. "त्याची आई बसली आहे."

सगळ्यांनी खुर्चीकडे पाहिलं. आयरीननं रुमालानं मान पुसली. तिला नाही म्हणायचं होतं. चार वर्षांत गार्ड, पेन्शन, स्वतःचं क्वार्टर, लाइनीतली एखादी मुलगी, हे सगळं तिनं मनात मांडून ठेवलेलं होतं.

"मी नाही म्हटलं तर तो राहीन," ती म्हणाली. "मंग रोज सकाळी त्याचं तोंड मले पाहा लागन. जाऊ द्या त्याले."

जनाबाई आत गेली आणि तिनं ताटं घेतली. मार्तंड आणि भादुरीबाबूंची तिनं आत मांडली. आयरीनचं ताट तिनं ओसरीवर ठेवलं, आणि आपलंही त्याच्याशेजारी ठेवलं. जेवताना जनाबाईनं एकदाच विचारलं, "तिखट लागून राहिलं काय?"

"नाही. जागेश्वर याच्याहून तिखट खाऊ घालत होता मले."

---

दुसऱ्या दिवशी मार्तंड मेलनं गेला. स्टेशनवर आयरीन एका टोकाला होती, भैयाजी दुसऱ्या टोकाला. गाडी हलल्यावर मार्तंडनं दोन्हीकडे हात केला.

महिन्याच्या अखेरीस आयरीन पौनीकरांच्या खोलीत राहायला आली. पंचांपैकी निनावे नावाचे गृहस्थ विचारायला आले, तेव्हा दादाजींनी सांगितलं की ती पौनीकरांची भाडेकरू आहे, आणि ते खरंच होतं. निनाव्यांनी तेवढ्यावर भागवलं. उमरेडच्या लोकांनी सोयरीक मोडली नाही, पण लग्नाच्या मांडवात आयरीनला बोलावणं नव्हतं. पंगती उठल्यावर जनाबाईनं तिचं ताट स्वतः वाढून नेलं आणि ती जेवेपर्यंत तिथं बसली. नवी सून प्रेमलता अंगणातून येताजाता त्या दाराकडे पाहायची, आणि आठवडाभरात तिनंही तिथं जाऊन बसायला सुरुवात केली. दवाखान्यातून आल्यावर आयरीन जनाबाईबरोबर मागासाठी सुताच्या कांड्या भरायला शिकली. सुरुवातीला तिच्या हातून सूत फार तुटत होतं.

कलकत्त्यात पहिले काही सामने वाईट गेले. कोरड्या मैदानावर अनवाणी पोरं मार्तंडच्या पुढे निघून जात, आणि त्याच्या बुटांकडे पाहून लोक कडेनं 'साहेब, साहेब' करून चिडवत. एकदा कुणीतरी चिखलाचा गोळा मारला. दोन सामन्यांत त्याला बाहेर बसवलं. वखारीतला मुनीम त्याला म्हणाला, आता इथं रोज येऊन बसायला काही हरकत नाही. तो जाऊन बसू लागला, आणि चहाच्या पेट्यांवर नंबर घालू लागला. घरी पाठवलेल्या पत्रांत त्यानं यातलं काही लिहिलं नाही.

आषाढात मैदान भिजलं. एका गोऱ्या पलटणीशी सामना होता, आणि भादुरीबाबूंनी क्लबातल्या इतरांशी वाद घालून त्याला संघात घेतलं. त्याचे साथीदार घसरत होते, उठत होते, पुन्हा घसरत होते. तो डाव्या रेषेच्या कडेनं न घसरता पळत होता. मध्यंतरानंतर त्यानं दोन माणसांना चकवून चेंडू आत दिला आणि त्यावर गोल झाला. शेवटी शेवटी त्यानं स्वतः एक मारला. लोकांनी त्याला उचललं. 'साहेब' ही हाक तेव्हाही ऐकू आली, पण तिचा अर्थ बदललेला होता.

क्लबच्या तंबूबाहेर एका वर्तमानपत्राच्या माणसानं त्याला गाठलं. गाव विचारलं, वय विचारलं, वडिलांचं नाव विचारलं. मग सहज म्हणून आईचं विचारलं. भादुरीबाबू बाजूलाच छत्री धरून उभे होते. मार्तंडला धाप लागलेली होती.

"आयरीन," तो म्हणाला. "आयरीन हेडाऊ. नागपूरलेच राहते."

त्या माणसानं वर पाहिलं, मग भादुरीबाबूंकडे पाहिलं. भादुरीबाबू मैदानाकडे पाहत होते. माणसानं पुढचा प्रश्न विचारला.

ते कात्रण पोळ्याच्या आसपास तांडापेठेत आलं. इंग्रजी होतं. भैयाजीनं ते ओसरीवर बसून मराठीत करून वाचलं. नागपूरच्या विणकर घराण्यातला तरुण, कैलासवासी जागेश्वर हेडाऊ यांचा सुपुत्र, बूट घालून खेळणारा, पावसात ज्याला तोड नाही असा.

"आईचं काय लिहिलं?" जनाबाईनं विचारलं.

"काही नाही," भैयाजी म्हणाला. तो अवघडला. "जागा नसन."

आयरीन कांडी भरत होती. तिनं हात थांबवला नाही. "त्यानं सांगितलं असन," ती म्हणाली.

"तुले काय माहीत वं?"

"त्याले कोणी विचारलं असन, तर त्यानं सांगितलं असन."

दादाजी मागावर होते. उन्हं कलल्यावर निनावे आले. गावात चर्चा झाली होती. ते मागाच्या कडेला उभे राहून हसतमुखानं म्हणाले, "तुमचा पुतण्या पेपरात आला म्हणते. कोणाचा गा तो? जागेश्वरचाच ना?"

पंचांच्या माणसासमोर काय बोलायचं हे दादाजींनी या वेळी आधी ठरवलेलं नव्हतं.

"जागेश्वरचा अन् आयरीनचा," ते म्हणाले, आणि धोटा टाकला.

पुढं काही स्पष्टीकरण येईल असं निनाव्यांना वाटत होतं. माग चालू राहिला. मग ते दाराशी गेले आणि चपला घालू लागले.